थोरल्या अभ्रकपानाची आणि दोघां भावांची हकीकत

श्री. जे एकसंध दिसते आणि पापुद्र्यापापुद्र्यांनी उभे असते, त्या दगडातल्या देवास आधी दंडवत, मग माणसांस. शके सोळाशे एकोणसाठ, पिंगलनाम संवत्सर, मार्गशीर्ष मास, ते समयी एका राज्यात वर्तमान घडले ते लिहिले आहे. राज्याचे नाव लिहिले नाही. ज्यांचे आहे त्यांस ठाऊक, इतरांस सांगून उपयोग काय?

त्या राज्यास समुद्र नव्हता, मोठी नदी नव्हती, होता तो एक अभ्रकाचा डोंगर. दगड ऐसा की त्याची पाने सुटत, जैसे भाकरीचे पापुद्रे सुटतात, आणि ती पाने घरोघर खिडकीस बसवीत. बाहेर ऊन पांढरे असो की तांबडे, घरात येई ते मधासारखे होऊन येई, आणि त्या उजेडात माणसे हळू बोलत, हळू जेवत, भांडणेही हळूच करीत, परंतु करीत. राजसदरेस गादीमागे झरोका होता आणि त्यात थोरले अभ्रकपान होते, दोन हात उंच, दीड हात रुंद, पुरणपोळीइतके जाड, आणि त्यातून उजेड अंगावर आल्यावाचून कोणी राजा होत नसे. मग राजे कैलासवासी जाहले. मागे दोन पुत्र, वडील खेत्रोजी आणि धाकटे वाघोजी, आणि दोघांची माता आऊसाहेब. आऊसाहेबांस अक्षर एक येत नव्हते. शिक्का उलटा की सुलटा हे बोट फिरवून ओळखीत. माणूस उलटा की सुलटा हे बोट न लाविता ओळखीत. परंतु पोटचे पोर ओळखणे निराळे, तेथे भल्याभल्यांची नजर मधाळ होते.

दोघां भावांनी वाटणी मागितली. आऊसाहेबांच्या जिवास एकच घोर, की राज्य फुटू नये. म्हणाल्या, "वाटा, काय वाटायचे ते वाटा. जेवण जाईना झाले की पोरे आपोआप ताटावरून उठतात." मग हत्ती वाटले, विहिरी वाटल्या, देवळातली घंटा एकाकडे आणि तिचा लोलक दुसऱ्याकडे गेला, आणि सहा महिने भाऊ भावाशी बोलेना, कारकून कारकुनाशी बोले. आऊसाहेब वाट पाहात होत्या की थोरल्या पानापाशी येतील आणि थबकतील. पानापाशी आले, आणि दोघेही एका श्वासात म्हणाले, "जाडीतून उभे फोडा, एकेक पान दोघांस." सहा महिन्यांत एकमत जाहले ते इतकेच.

फोडावयास ठकू पाथरवटीण बोलाविली. साठीची बाई, मिश्रीने काळे दात, डोंगरातले सगळे मोठे अभ्रक तिच्याच हातून सुटलेले. आली ती उंबऱ्यातच म्हणाली, "राज्य फोडायला मला कशाला बोलावलं, आऊसाहेब? कारकून मंडळी झ्याक फोडत्यात की." आऊसाहेब म्हणाल्या, "जिभेने फोडायचे असते तर तुलाच आधी बोलाविले असते. हात चालव." ठकीने सांगितले की वारा नको, आणि भर दुपारी दारे लाविली, पडदे सोडिले, सदरेत काळोख जाहला. मग तिने पान मांडीवर आडवे घेतले, कडेस कान लाविला, आणि जैसे गरोदर बाईच्या पोटास सुईण कान लाविते तैसी बराच वेळ ऐकत बसली. कोठून सुटावे हे दगडच सांगतो, आपण नुसते ऐकावे, ऐसी त्यांच्या घराण्याची रीत. मग शिंगाची पातळ पात कडेत घातली आणि ढकलिली. आवाज जाहला तो रेशीम फाटावे तैसा, आणि पात जेथवर गेली तेथवर निळा उजेड धावला, बारीक, थंड, स्वप्नात दिवा दिसावा तैसा, आणि सदरेतल्या सगळ्यांच्या हातांवरचे केस उभे राहिले. दोन पाने जाहली होती.

ठकीने एकेक पान एकेका भावाच्या हाती दिले. म्हणाली, "आतल्या अंगाला बोट लावू नगा. जग झाल्यापासनं ह्या अंगानं वारा बघितला न्हाई. मघापर्यंत ह्याला अंग असं नव्हतंच. आत होतं, चहूबाजूंनी शेजारी होता. आता एका बाजूचा शेजार गेला आन् तिथं शीव पडली. शेजाऱ्याला धरलेला हात तसाच पुढं राहिलाय." आऊसाहेब म्हणाल्या, "मग?" ठकू म्हणाली, "मग काय? हात मोकळा राहत न्हाई, आऊसाहेब. पहिला जो येईल त्याला धरतो. आन् पहिलं येतं ते वाऱ्यातलं पाणी, आपल्याला दिसत सुदिक न्हाई. ते यायच्या आत ह्ये दोन तुकडे होते तसे समोरासमोर दाबा, फोडलं होतं हे माझ्या बापालाबी कळायचं न्हाई. पाणी बसलं की संपलं."

तों काळोखात वाघोजीराव बोलिले, "दादा, ओढते आहे." पान पानास ओढीत होते, हातांतून, मनगटांतून, जैसे झोपेतले पोर आईकडे सरकते. खेत्रोजीराव बोलिले, "मलाही." सहा महिन्यांनी भाऊ भावाशी बोलिला तो हा शब्द, आणि दोघांचे हात आपसूक पुढे आले, आणि मध्ये वीतभर अंतर राहिले, आणि ठकू हळूच म्हणाली, "आत्ता, आऊसाहेब. एक शब्द टाका."

आऊसाहेबांच्या ओठी शब्द आलाच होता. परंतु मान मोठा वाईट. तो शब्दाच्या आधी येऊन बसतो. त्यांच्या मनात आले की राज्य जुळायचे ते ऐसे, दारे लावून, पाथरवटिणीच्या सांगण्यावरून? बारा गावचे पाटील पाहावयास नकोत? सनई नको? तों धुंडभट जोशी पुढे सरले आणि म्हणाले, "आज वैधृतीचा अशुभ योग आहे. परवा सकाळी अमृतसिद्धी योग, ऐसा मुहूर्त वर्षात नाही." ठकू म्हणाली, "भटजी, दगडाला पंचांग वाचता येत न्हाई." आऊसाहेब कडाडल्या, "दगडास नाही येत, पाथरवटिणीस तरी समजावे! राज्याचे जुळणे ही काय भाजीची फोडणी आहे, तेल तापले की टाक? परवा होईल, साग्रसंगीत होईल." ठकू पात पदरात गुंडाळून कोपऱ्यात जाऊन बसली. वाघोजीरावांनी हात मागे घेतला. मग खेत्रोजीरावांनीही घेतला.

पुढे दोन दिवस पानांचे फार कौतुक जाहले. सुवासिनींनी औक्षण केले, निरांजनाची काजळी पानांवर बसली ती कोणास दिसली नाही, अत्तर शिंपिले, शालूत गुंडाळून ठेविली. भावांचेही कौतुक जाहले. इकडचे कारकून इकडच्या कानी लागले, तिकडचे तिकडच्या, आणि त्या दुपारी जो हात आपसूक पुढे आला होता त्यास दोन दिवसांत पुष्कळांनी धरिले.

तिसरे दिवशी सदर भरली. पाटील आले, सनई वाजली, धुंडभटांनी घटिका बुडताच हात वर केला, आणि दोघां भावांनी झरोक्यापाशी पानावर पान ठेविले. आणि काय सांगावे! पानांच्या मधोमध रंग उमटले, निळे, पिवळे, डाळिंबी, वलयात वलय, मोराचा पिसारा पाण्यात पडावा तैसे, आणि हलत होते. लोक म्हणाले, "इंद्रधनुष्य उतरले! देव पावला!" नगारा जाहला, साखर वाटली, भाऊ भावास भेटले. आऊसाहेब पाहात होत्या. खेत्रोजीराव वाघोजीरावांच्या खांद्यावरून आपल्या कारकुनाकडे पाहात होते, आणि वाघोजीराव आपल्या. आणि दोघेही हसत होते, सुरेख हसत होते.

आऊसाहेबांनी कोपऱ्यात पाहिले तों ठकू मान खाली घालून बसलेली. म्हणाल्या, "ठके, लोक नाचतात आणि तू सुतकात बसल्यासारखी का?" ठकू म्हणाली, "रंग दिसतोय, आऊसाहेब." "मग दिसो की. शुभ आहे." ठकू म्हणाली, "जुळलं असतं तर काय दिसलं असतं? काई न्हाई. रंग फटीत असतो. फट जितकी बारीक तितका रंग झकास." आऊसाहेब उठल्या, झरोक्यापाशी गेल्या, वरच्या पानास तळवा लाविला आणि सरकविले, आणि पान सरकले, जैसे ओल्या फरशीवरून पाट सरकतो. सनई आपोआप थांबली.

त्या उजेडात म्हातारी किती वेळ उभी होती हे कोणास सांगता आले नाही. कोणी पळभर म्हणतो, कोणी प्रहर. मग वळल्या आणि म्हणाल्या, "उपाय आहे का?" ठकू म्हणाली, "हाय. दोन्ही पानांचा आतल्या अंगाचा एकेक पापुद्रा काढायचा. शिळं जाईल, खाली ताजं निघंल. पर दोघांचं थोडं थोडं कमी होईल. आन् मुहूर्त म्हंजे माझी पात सुटंल तो." धुंडभट ओरडले, "आता भद्रा लागली आहे!" आऊसाहेब म्हणाल्या, "भद्रेस सांगा, म्हातारी कामात आहे."

दारे लाविली, पडदे सोडिले. खेत्रोजीरावांनी पान पुढे केले, ठकीने पापुद्रा सोडविला, निळा उजेड धावून गेला. मग धाकट्यांकडे पाहिले. वाघोजीरावांनी पान उराशी धरिले होते. म्हणाले, "माझे बारीक होईल. आणि इतके करून नाहीच जुळले तर?" प्रश्न खोटा नव्हता. दाराच्या फटीतून वारा येत होता आणि त्या वाऱ्यातून न दिसणारे पाणी येत होते, एकेक कण, वडील भावाच्या उघड्या पानाकडे, आणि सगळ्यांस वाटले की त्याची पावले ऐकू येतात. आऊसाहेब म्हणाल्या, "नाही जुळले तर बारीक पान घेऊन बस, वाघू. मी जाड पान सांभाळीत दोन दिवस बसले, मला काय मिळाले? त्या दुपारी तुमचे हात पुढे आले होते. मी पाहिले. मुहूर्त मी मागितला. चूक माझी." आऊसाहेबांच्या तोंडून चूक हा शब्द आजवर भिंतीनेही ऐकिला नव्हता, धुंडभटांच्या हातचे पंचांग खाली पडले ते कोणी उचलिले नाही. वाघोजीराव आईकडे पाहात राहिले. मग पान ठकीपुढे धरिले आणि म्हणाले, "काढ."

ठकीने पात लाविली आणि थांबली. म्हणाली, "धाकटं राजं, उशीर झाला. तुमचं आता ताजं निघंल, पर दादासाहेबांचं शिळं झालं." वाघोजीरावांची मान खाली गेली. तों खेत्रोजीराव म्हणाले, "मग माझा आणखी एक काढ." कारकून म्हणाला, "महाराज, आपले पान धाकट्यांहून बारीक होईल!" खेत्रोजीराव म्हणाले, "तुझ्या कागदाहून जाड राहील. बाजूस हो." ठकू हसली, पहिल्यांदाच, काळ्या दातांनी, आणि पात दोनदा चालली, एकदा इकडे, एकदा तिकडे, दोन निळे उजेड एकापाठोपाठ गेले, आणि ती ओरडली, "होती तशीच धरा, फिरवू नगा! आत्ता!"

पाने एकमेकांकडे गेली. कोणी नेली की आपण गेली, हे भावांस पुढे कधी सांगता आले नाही. एका कडेस क्षणभर रंग दिसला, मग तो पळू लागला, जैसी उथळ पाण्यात पाऊल पडताच मासोळी पळते, या कडेवरून त्या कडेस गेला आणि बाहेर पडून नाहीसा जाहला. पडदे उघडिले. लोक माना उंचावून पाहू लागले. एक पाटील म्हणाला, "काय जाहले? काहीच दिसत नाही." दुसरा म्हणाला, "परवडले ते मघाचे, निदान शोभा होती." आऊसाहेबांनी तळवा लाविला, ढकलिले, अंगाचा भार टाकिला. पान हलले नाही. त्यांनी कपाळ त्यावर टेकिले आणि तैशाच राहिल्या.

त्या दिवशी दोघे भाऊ एका पंक्तीस बसले आणि मीठ कमी की जास्त यावरून कडाडून भांडले, आणि आऊसाहेब पोटभर जेवल्या. मग वाघोजीरावांनी विचारिले, "दादा, दुसरा पापुद्रा का दिलास? मीच तर उशीर केला." खेत्रोजीराव म्हणाले, "तुझे ताजे निघणार होते. माझे शिळे कसे चालेल?" यावर धाकट्यांनी आपल्या ताटातली वडी उचलून त्यांच्या ताटात ठेविली.

एवंच: वाटण्या मोडल्या, हत्ती परतले, घंटेस लोलक मिळाला, राज्य एक राहिले. आऊसाहेब पुढे अकरा वर्षे होत्या. भाऊ भांडले म्हणजे जोशास न बोलाविता दोघांस बोलावीत, हातातले काम हातात ठेवून, पीठ असले तर पिठासकट. ऐकिले तैसे लिहिले. यात कोणास कमीजास्त वाटले तर वाचणाऱ्याने आपला एक पापुद्रा सोडावा, लिहिणाराने सोडिला आहे.