विरोध एक

आमच्या सोसायटीत गेल्या बावीस वर्षांत एकही ठराव एकमतानं मंजूर झालेला नाही. आम्ही भांडकुदळ आहोत असं समजू नका हं. माणसं चांगली आहेत, विरजण मागितलं तर वाटी भरून देतात. पण तळमजल्यावर साठे भाऊजी राहतात. सचिव केळकर "विरोधात कोण?" असं वहीतून डोकं वर न काढताच विचारतात, कारण मागच्या रांगेत, कडेच्या खुर्चीवरून एक हात वर गेलेला असतोच. केळकर लिहितात, "ठराव बहुमताने मंजूर. विरोध एक."

टाकी धुवायचा ठराव आला, भाऊजी विरोधात. आणि धुवायच्या दिवशी पँट गुडघ्यापर्यंत दुमडून, खराटा घेऊन टाकीत पहिलं कोण उतरलं? तेच! त्यांना पंच्याहत्तर पूर्ण झाली तेव्हा सत्कार करायचं ठरलं. त्यालाही विरोध एक, तोसुद्धा सत्कारमूर्तींचा. सत्काराला मात्र दहा मिनिटं आधी हजर. बासुंदी दोनदा घेतली. मी म्हटलं, "भाऊजी, तुमचा विरोध होता ना?"

"ठरावाला होता, वहिनी. बासुंदी ठरावात नव्हती."

हे खूळ कुठून आलं ते सांगते. भाऊजी खडकीला दारूगोळ्याच्या कारखान्यात तपासणी खात्यात होते. म्हणजे "हे चालणार नाही" असं म्हणण्याचाच पगार. लग्न केलं नाही. निवृत्त झाल्यावर रस्त्याकडेच्या जुन्या पुस्तकांत त्यांना एक उशीएवढं जाड इंग्रजी पुस्तक सापडलं. शब्दकोश मांडीवर घेऊन ते त्यांनी तीन वर्षं वाचलं. लिहिणारा कोणी फ्रेंच माणूस. त्याचं नाव मला आजवर उच्चारता आलेलं नाही. माझं शिक्षण सातवीपर्यंत, बाकीचं वाचनालयानं केलं, पण त्या नावापुढे वाचनालयही थकलं. भाऊजी ते नाव घेतात तेव्हा शिंक अडकल्यासारखं वाटतं. म्हणून आम्ही त्याला नुसतं 'गृहस्थ' म्हणतो.

"दोनेकशे वर्षांपूर्वी गृहस्थ बोटीनं अमेरिकेला गेले, वहिनी. कशाला? तर तुरुंग बघायला. आणि तुरुंग बघता बघता सभा बघत बसले! लोकशाहीत माणूस कसा वागतो, शेजाऱ्याशी कसा बोलतो, सगळं टिपून आणलं. नाहीतर आपण. सहा महिने मुलीकडे राहून येतो आणि सांगतो काय, तर तिथली वांगी केवढी असतात!"

मी आदल्याच महिन्यात मुलीकडून आले होते आणि जिन्यात सगळ्यांना वांगीच सांगितली होती.

गृहस्थांनी म्हणे असं लिहिलंय की तिकडे चार माणसं जमली की मंडळ काढतात. रस्ता करायचा, शाळा काढायची, दारू सोडायची, सगळ्याला मंडळ. यावर भाऊजींचं निरीक्षण, "त्यांनी पुण्याला यायला हवं होतं. इथं दोन माणसांत तीन मंडळं निघतात." मग भाऊजी स्वतःच हिंडायला लागले. हातात निळी वही, खिशात दोन पेनं. टेकडीवरच्या हास्यसंघात ते एकदाही हसायला गेले नाहीत, पण त्यांच्या वार्षिक सभेला जाऊन बसले. तिथं एकानं विचारलं, "आपण कोण?"

"निरीक्षक."

"कुणी पाठवलंय?"

"कुणीच नाही. म्हणूनच विश्वास ठेवा."

इथवर सगळी गंमत होती. मग मंगलचं टेबल आलं.

मंगल आमची इस्त्रीवाली. चौदा वर्षं जिन्याखाली तिचं टेबल आहे. कात्रजच्या पलीकडून दोन बस बदलून येते. कुणाची किल्ली, कुणाचं कुरिअर, कुणाचं शाळेतून आलेलं पोर, सगळं त्या टेबलाशी थांबतं. पहिल्या मजल्यावरच्या देशमुखनं विजेवर चालणारी गाडी घेतली आणि त्याला चार्जिंगला जागा हवी झाली. सोयीची जागा एकच, जिन्याखालची. मुलगा वाईट नाही हो, पण गाडी नवी होती. सभेत त्यानं मोबाइलवर चित्रं दाखवली, पुढे सगळ्यांच्याच गाड्या अशा होणार म्हणाला. मंगलनं दिवाळीपर्यंत टेबल हलवावं, असा ठराव आला.

"अनुकूल कोण?"

भराभर हात वर. खरं सांगते, माझाही गेला. शेजारणीनं जांभई दिली की आपल्याला येते, तसा गेला. मंगल तेव्हा दारापाशी उभी होती. तिनं माझा हात बघितला आणि मी पंख्याकडे बघितलं.

"विरोधात कोण?"

मागं एक हात. पण या वेळी भाऊजी उभेही राहिले. म्हणाले, "जिच्याबद्दल ठरवताय ती दारात उभी आहे. तिला खुर्ची तरी द्या." आणि स्वतःची दिली.

लोकांना ते झोंबलं. टाकीला विरोध केला तेव्हा हसले होते, या वेळी हसेनात. गृहस्थांचं म्हणणं भाऊजींनी मला एकदा समजावलं होतं. राजाला राग आला की तो माणसाला कोंडून घालतो, बहुमताला राग आला की ते कोंडत बसत नाही. तुम्ही मोकळेच असता, फक्त तुमच्याशी कोणी बोलत नाही. मला तेव्हा ते पुस्तकातलं वाटलं होतं.

आठवडाभरानं मी कोथिंबीर वड्या घेऊन त्यांच्याकडे गेले. वड्या कशाच्या, माझ्या मनाची टोचणीच ती, तळून नेलेली. भाऊजी आत चहा टाकत होते आणि वही टेबलावर उघडी होती. दुसऱ्याचं वाचू नये हे मला कळतं. वाचलं.

"सोमवार. जिन्यात तिघे भेटले. तिघांनाही एकाच वेळी फोन आले. मंगळवार. केळकर माझ्याशी हवामानावरसुद्धा बोलले नाहीत. बुधवार. कुणी नाही. गुरुवार. मंगल बोलली. शर्टाचं तुटलेलं बटण न सांगता लावून दिलं. म्हणाली, 'काका, समद्यांत तुमचा येकट्याचाच हात व्हता.' शुक्रवार. कुणी नाही."

चहा घेऊन आले तेव्हा वही तशीच होती आणि मीही तिच्यावर वाकलेली. रागावले नाहीत. वडी उचलून म्हणाले, "मीठ कमी आहे."

"भाऊजी, एक विचारते. टाकीच्या ठरावात काय वाईट होतं?"

"काही नाही."

"मग हात कशाला वर केलात?"

त्यांनी वडी खाली ठेवली. "कारखान्यात आम्ही एका माणसाला युनियनमधून काढला होता. माझ्याच बाकावरचा, रोज माझ्याबरोबर डबा खायचा. सगळ्यांनी हात वर केले, मीही केला. नंतर कळलं, आमच्यातल्या सहा-सात जणांना नाही म्हणायचं होतं. प्रत्येक जण बघत होता, दुसरा कोणी हात वर करतोय का." मग थोडं हसले. "पहिला हात फार जड असतो, वहिनी. म्हणून मी आपला आधीच वर करून ठेवतो. कुणाला दुसरा करायचा असला तर सोबत."

"बावीस वर्षांत कुणी केला?"

"अजून नाही. पण सभा चालूच आहेत की."

पुढची सभा दिवाळीच्या आठवडाभर आधी होती. केळकरांनी मागच्या सभेचं इतिवृत्त वाचलं आणि कुणाची काही हरकत आहे का म्हणून विचारलं. मी उठले.

"मला माझा हात खाली घ्यायचाय."

"कुठला हात, काकू?"

"मागच्या सभेतला."

"तसं करता येत नाही हो. तो हात मोजून झाला!"

"मग परत मोजा."

"माझाही घ्यायचाय," तिसऱ्या मजल्यावरच्या कुलकर्णीबाई म्हणाल्या. त्या तीस वर्षं शाळेत शिकवून निवृत्त झाल्या, पण सभेत त्यांचा आवाज मी पहिल्यांदाच ऐकला. मग आणखी एक, मग पलीकडून दोन. केळकरांनी कपाळाला हात लावला आणि नवा ठराव लिहायला घेतला. मंगलचं टेबल जिन्याखाली आहे तिथंच राहील.

"अनुकूल कोण?"

काय हात वर गेले म्हणून सांगू! मंगलनंही केला. तिला मताचा हक्क नाही हे तिला कुणीही सांगितलं नाही. एकटा देशमुख तेवढा मोबाइलमध्ये तोंड घालून बसला होता, कान लाल झालेले. दोन्ही बाजूंच्या खुर्च्या रिकाम्या. त्याच्याजवळचे लोक कधी उठून इकडे आले होते, कळलंसुद्धा नाही.

"विरोधात..." केळकर म्हणाले आणि थांबले. आम्ही सगळे मागे वळलो.

भाऊजींचा हात वर होता.

"अहो भाऊजी!" मी ओरडलेच. "हा तुमचाच ठराव आहे!"

ते माझ्याकडे बघतच नव्हते. देशमुखकडे बघत होते. जरा वेळानं त्या पोरानं मान वर केली, भाऊजींचा हात बघितला आणि हळूच, कानापर्यंतच, आपला हात उचलला.

"विरोध," केळकर लिहिता लिहिता म्हणाले, "दोन."

भाऊजींनी आपली खुर्ची उचलली, देशमुखशेजारी नेऊन ठेवली आणि निळी वही उघडत विचारलं, "हं, सांगा बघू. त्या गाडीला रात्रभर वायर लावून ठेवावी लागते का हो?"