एका तुर्की लघुपटकाराचा सोलापुरी उत्कर्ष

कलावंत मोठा की लहान, हे त्याच्या कलेवरून ठरवू नये. त्यात विनाकारण वेळ जातो. ते त्याच्या सत्कारावरून ठरवावे. याच तत्त्वावर आमची शुक्रवार पेठ गुणिजन सत्कार समिती उभी आहे. समितीच्या आकडेवारीनुसार पेठेत माणशी अडीच सत्कार पडतात. (नारळ मिळाला पण हार कमी पडला, तर तो अर्धा धरतात.) मी समितीचा चिटणीस. हायस्कुलात इंग्रजीही शिकवतो, पण ते पोटासाठी.

१९७४ साली मुंबईहून रेल्वेने परतताना आमचे अध्यक्ष सिद्धप्पा यांच्यासमोरच्या बाकावर तुर्गुत नावाचे एक तुर्की गृहस्थ येऊन बसले. सिद्धप्पांचा भवानी पेठेत टर्किश टॉवेलांचा कारखाना. जन्म टर्किश टॉवेल विणण्यात गेला, पण त्या देशाचा माणूस त्यांनी पहिल्यांदाच पाहिला. त्यांना अगदी भरून आले. मी शेजारीच असल्यामुळे दुभाष्याचे काम आपोआप माझ्याकडे आले.

तुर्गुतसाहेब स्वतंत्र लघुपट दिग्दर्शक होते. स्वतंत्र म्हणजे ज्याला कोणी बोलावत नाही, आणि लघुपट म्हणजे जो मध्यंतराच्या आतच आटोपतो. मांडीवर पत्र्याचा गोल डबा होता, त्यात त्यांचा अकरा मिनिटांचा चित्रपट. तो त्यांनी स्वतः लिहिला, स्वतः काढला, आणि आजवर पाहिलाही बहुतेक स्वतःच. मुंबईच्या कुठल्याशा महोत्सवात तो जेवणाच्या सुट्टीत लावला होता. प्रेक्षकांत एक झाडूवाला होता, तोही आपली रांग झाडून निघून गेला. "बक्षीस नको मला," तुर्गुतसाहेब मोडक्या इंग्रजीत म्हणाले, "कुणीतरी एकदा शेवटपर्यंत बघावं, बस."

सिद्धप्पा कळवळले. "सायबास्नी म्हनावं, हैदराबादेला कशाला जाता, उतरा हितंच! आमी बगतो की! अख्खं सोलापूर बगंल!" आणि डबा त्यांनी स्वतः काखेत मारला. डब्यापाठोपाठ दिग्दर्शकाला उतरावेच लागले.

आता चित्रपट दाखवायचा म्हणजे आधी दिग्दर्शकाचा सत्कार आला. सत्कार म्हटला की टॉवेल, टोपी, हार, नारळ. पण ज्यांच्या हस्ते सत्कार करायचा त्या प्रमुख पाहुण्यांचा सत्कार त्याआधी हवा, आणि प्रमुख पाहुण्यांना ज्यांनी गळ घातली त्यांचा त्याहून आधी. मग हॉल देणारे, खुर्च्या देणारे, आणि खुर्च्या द्यायला तयार असूनही ज्यांच्या घेतल्या नाहीत ते. (यांना सर्वांत पुढे बसवावे लागते.) समितीच्या कार्यक्रमपत्रिकेत चित्रपटासाठी रकाना नसल्याने तो 'इतर'मध्ये टाकला. 'इतर' आभार आणि राष्ट्रगीत यांच्यानंतर येते.

तुर्गुतसाहेब भाषणाला उभे राहिले. हात जोडून म्हणाले, "कृपा करा, गाणं झाल्यावर जाऊ नका. फक्त अकरा मिनिटं थांबा." मी भाषांतर केले, "सोलापूरकरांच्या प्रेमाने पाहुणे भारावून गेले आहेत." (शब्दशः भाषांतराने सभेचा रंग जातो.) टाळ्यांचा नुसता कडकडाट झाला.

राष्ट्रगीत झाले. राष्ट्रगीतानंतर आमचा माणूस खाली बसत नाही, चपला शोधतो. सिद्धप्पांच्या पत्नी दानम्मा तेवढ्या अडून राहिल्या. "पिच्चर बगायला म्हनून आनलंत की वो मला!"

"अगं, राष्ट्रगीत झालं न्हवं? मंग आता काय ऱ्हातंय?" सिद्धप्पा म्हणाले. दानम्माही चपला शोधू लागल्या. अंधारात प्रोजेक्टरचे मशीन सुरू झाले तेव्हा हॉलमध्ये तुर्गुतसाहेब आणि खुर्च्या होत्या.

ते दुसऱ्याच दिवशी निघाले असते. पण सकाळी भवानी पेठेची समिती दारात हजर. "शुक्रवार पेठंनं सत्कार केला, मंग आमी काय मेलो व्हय? आमी पिच्चर बी बगनार!" त्या आशेवर ते राहिले, आणि तिथून त्यांच्या कारकिर्दीने जी उसळी घेतली, ती पाहून आम्ही थक्क झालो. त्यांच्या हस्ते पिठाच्या गिरणीचे उद्घाटन झाले. ते कुस्त्यांच्या फडाचे अध्यक्ष झाले. एका बारशाला तर जमलेल्या बायकांनी त्यांच्या हस्ते बाळाला टोपी घालून घेतली. जिल्ह्यात त्यांच्याइतके मागणी असलेले दिग्दर्शक कोणी नव्हते. (जिल्ह्यात दुसरे दिग्दर्शक नव्हते, ही गोष्ट वेगळी.) टॉवेल इतके साठले की ते ठेवायला सिद्धप्पांनी माडीवरची खोली दिली आणि तुर्गुतसाहेबांची पथारी ओसरीवर आली. डबा मात्र ते उशाशी घेऊन झोपत.

एकदा चित्रपट जवळजवळ दाखवला गेला, हेही प्रामाणिकपणे नमूद केले पाहिजे. टेंभुर्णीच्या सत्काराला निघालेल्या प्रमुख पाहुण्यांची जीप रस्त्यात बंद पडली. माणसे ताटकळली. तुर्गुतसाहेबांनी तेवढ्यात संधी साधली, धोतर बांधून पडदा केला, दिवे घालवले आणि मशीन लावले. चार मिनिटे गलका बंद. पोरेसुद्धा गप्प. पुढे बसलेल्या, गावातल्या बजाबाईंनी तर पदर डोळ्याला लावला होता. तुर्गुतसाहेब पडद्याकडे बघतच नव्हते. माणसांच्या तोंडांकडे बघत होते. इतका आनंदी माणूस मी क्वचित पाहिला आहे. इतक्यात हॉर्न वाजला. "आले, आले!" दिवे लागले, मशीन थांबले.

"आवं थांबा की जरा! बगू द्या की!" बजाबाई ओरडल्या. पाहुण्यांना वाटले, त्यांनाच थांबवून घेताहेत. ते प्रसन्न झाले आणि तासभर बोलले. (मी स्वतः ती चार मिनिटे जीप येते का ते पाहत होतो.)

त्यानंतर तुर्गुतसाहेब ईर्ष्येने मराठी शिकले. भर सभेत माझ्या हातातला माइक ओढून घेऊन त्यांनी टाहो फोडला, "अरे बाबांनो, पाया पडतो! सत्कार नको मला! माजा पिच्चर बगा की रे!"

मग कुणीतरी म्हणाले, "आयला, लई ग्वाड बोलतोय की!" आणि त्याच बैठकीत परदेशी असूनही मराठीची सेवा केल्याबद्दल त्यांचा विशेष सत्कार झाला.

या सत्कारांचे फोटो त्यांच्या देशात पोचले. ज्या शहराने त्यांना कधी चहा विचारला नव्हता, तिथून बोलावणे आले. हिंदुस्थानने एवढे डोक्यावर घेतले म्हणजे चित्रपट थोरच असणार, असे तिथल्या जाणकारांचे मत पडले. तिकडे भव्य सत्कार ठरला. प्रगती म्हणतात ती हीच.

स्टेशनवर निरोपाला बँड होता. गाडी हलायच्या आधी तुर्गुतसाहेबांनी सिद्धप्पांचा हात घट्ट धरला. "सिद्धप्पा, तुमी बी न्हाईच बगितला."

"आता बगायचं काय ऱ्हायलं, सायेब?" सिद्धप्पांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होते, आणि ते खरे होते. "तुमाला वळखत न्हाई असा मानूस ठिवला न्हाई की आमी!" तुर्गुतसाहेब डबा छातीशी धरून रडू लागले. बँडवाल्यांनी आवाज वाढवला.

वाचकहो, तुम्ही आम्हाला हसत असाल. खुशाल हसा. पण तुम्ही हे सगळे शेवटपर्यंत वाचलेत. जीप उशिरा का आली ते तुम्हाला ठाऊक आहे, टॉवेल कुठे ठेवले तेही ठाऊक आहे. त्या अकरा मिनिटांत होते तरी काय, असे मला मध्येच थांबवून विचारावेसे तुम्हाला किती वेळा वाटले? लाजू नका. समितीत सभासदाची एक जागा रिकामी आहे, आणि तुमची निवड आम्ही एकमताने केली आहे.