हिरवं कार्ड

आमच्या गुंगालिन या ऑस्ट्रेलियन उपनगरात शाळेसमोरच्या क्रॉसिंगवर पोरांना रस्ता ओलांडून द्यायच्या नोकरीवर शुभाताई काटकर उभी असते आणि चुकणाऱ्या गाडीवाल्यांना हिरवं कार्ड दाखवते. खरंखुरं, प्लास्टिकचं, तिकोनी कार्ड. हॉकीत हिरवं कार्ड म्हणजे ताकीद, हे हॉकीवाल्यांना ठाऊक. रस्त्यावर हिरवं म्हणजे ‘चल, सूट’, हे उरलेल्या सगळ्या जगाला ठाऊक. त्यामुळे गेल्या वर्षी मागे उघडा हौदा असलेल्या यूट गाडीचा एक ड्रायव्हर क्रॉसिंगच्या रेषेवर चाक ठेवून थांबला, हिने त्याला रागाने कार्ड दाखवलं, तर तो “चीअर्स, मेट!” म्हणून हात हलवत निघून गेला. पोरं अजून फुटपाथवरच होती म्हणून निभावलं.

मग तिच्या ऑफिसातून ईमेल आली, की कृपया कार्ड वापरू नये. ती घेऊन शुभाताई माझ्याकडे आली. मी कोपऱ्यावरच्या घरात राहते, घरूनच काम करते, त्यामुळे तिचा राग उतरवण्याचं ठिकाण मीच.

“मग काय एकदम पिवळं दाखवू? अन्याय होईल गं त्याच्यावर!”

“अगं, पण त्याला हॉकी कुठे कळतं?”

“हिरव्यात काय कळायचंय? आमच्या वेळी नुसती ताकीद असायची. आता दोन मिनिटं बाहेर बसवतात. पण बाहेर म्हणजे हाकललं नव्हे, मीनल. दोन मिनिटं झाली की परत आत. हाकलायला लाल असतं.”

तेव्हापासून कार्ड तिच्या पिवळ्याजर्द जॅकेटच्या खिशात पडून असतं. मधूनमधून ती ते चाचपते.

शुभाताई आता पन्नाशीला टेकली आहे. गळ्यात शिट्टी, हातात ‘स्टॉप’ची गोल पाटी लावलेली काठी. ती काठी धरते कशी, तर डावा हात वर, उजवा खाली आणि स्वतः गुडघ्यांत वाकलेली. पोरं रस्ता ओलांडत असतात आणि ही पेनल्टी कॉर्नर अडवायला उभी. सप्टेंबरात इथले मॅग्पाय येणाऱ्याजाणाऱ्याच्या डोक्यावर झडप घालतात, पोस्टमनसुद्धा त्यातून सुटत नाही, पण शुभाताईच्या वाटेला एकही पक्षी जात नाही. तिचं म्हणणं, “कंबर वाकलेली असली की कुणी काही करू शकत नाही.”

“कंबर वाकव” हे तिचं सगळ्यावरचं औषध आहे. माझी पाठ धरली, कंबर वाकव. माझा कॉन्ट्रॅक्ट संपत आला, इंटरव्ह्यू आहे, “जा, कंबर वाकव, बिनधास्त उत्तरं दे.” मी एकदा ठणकावून सांगितलं, की बाई गं, मी पुण्याची, आम्हाला वाकायची सवय नाही. त्यावर ती शांतपणे म्हणाली, “म्हणूनच पाठ दुखते.”

आमच्या गणपतीच्या कमिटीत तर लोक तिला टरकून असतात. कधीही मदतीला न येणारे एक गृहस्थ व्हॉट्सॅपवरून मात्र दररोज सूचना पाठवायचे. हिने ग्रुपवर एका ओळीत लिहिलं, “डीच्या बाहेरून मारलेला गोल धरत नाहीत.” डी म्हणजे गोलसमोरचं अर्धवर्तुळ, त्याच्या आत येऊन मारलं तरच गोल, हे आम्हा बाकीच्यांना गूगल करावं लागलं. गृहस्थ दुसऱ्या दिवशी मुकाट्याने खुर्च्या मांडायला हजर!

हे सगळं येतं ते साताऱ्याकडच्या तिच्या कॉलेजच्या दिवसांतून. तिच्या फ्रिजवर वर्तमानपत्राचं एक लॅमिनेट केलेलं कात्रण आहे. ‘शुभांगीची हॅटट्रिक, कॉलेज अजिंक्य.’ फोटोत तिची फक्त पाठ दिसते, कारण फोटोग्राफरने क्लिक केलं तेव्हा ही वाकलेली होती. “तोंड नाही आलं,” ती सांगते, “पण पाठ बघ की कशी आहे!”

तिचं ग्राउंड मुरमाचं. मधे दगड, एका कोपऱ्यात बाभळीचं खोड. “आमच्याकडं बॉल सरळ आला तर आम्ही दचकायचो,” ती म्हणते. कुठल्या खड्यावरून बॉल किती उडणार हे तिला पाठ होतं. बाहेरगावच्या टीम यायच्या आणि नडग्या चोळत जायच्या. ती कॉलेजची कॅप्टन झाली, मग युनिव्हर्सिटीची झाली, मग मोठ्या कॅम्पला निवड झाली, स्टेशनवर निम्मं कॉलेज सोडायला आलं...

“आणि मग?” मी विचारायची.

“थांब, चहा ठेवते.”

दर वेळी तिचं करिअर चहापाशी येऊन थांबायचं. मी चार-पाच वेळा तरी तो चहा प्यायले असेन.

माझ्या लेकीने, ईराने, हॉकी घेतलं ते शुभाताईमुळेच. घरामागच्या ओव्हलच्या मैदानावर, गवतावर, हिने तिला दोन महिने रगडलं. ईरा म्हणायची, “आँटी, माय बॅक!” आणि आँटी म्हणायची, “वाकव!” पण शनिवारी क्लबच्या निळ्या टर्फवर मॅच असली, की शुभाताई कुंपणाच्या आत पाऊल टाकायची नाही. जाळीत बोटं अडकवून बाहेरून ओरडायची. मॅचआधी फवारे सुरू होऊन टर्फ भिजलं, की हिचा जीव वरखाली. “आमच्या माणदेशात प्यायला टँकर आणि इथं प्लास्टिकच्या गवताला पाणी! बघवत नाही बाई.” बघवत नाही म्हणायची आणि शेवटचा फवारा थांबेपर्यंत बघत राहायची.

पंचेचाळीशीच्या पुढच्या बायकांची तिथे एक टीम आहे. त्यांची कॅप्टन जेनी दर शनिवारी जाळीपाशी येऊन म्हणणार, “शुभा, वी आर वन शॉर्ट.” आणि ही म्हणणार, “नो वरीज, जेनी. नेक्स्ट वीक.” असे तीन हिवाळे गेले. मला वाटायचं, बाई भाव खाते आहे. मी तिला तसं तोंडावर सांगितलंही. ती नुसती हसली.

यंदा तिचा गुडघा सुजला. डॉक्टर म्हणाले, हा हिवाळा काढेल, पुढे ऑपरेशन. मी म्हटलं, आता तरी खेळ बाई. तिने ऐकलं न ऐकल्यासारखं केलं.

परवाच्या शनिवारी आम्ही तिच्याच गाडीतून गेलो होतो. मॅच संपली, ईरा मैत्रिणींबरोबर गरम चिप्स खायला पळाली, आणि मी तिची स्टिक नि बॉल ठेवायला डिकी उघडली. क्रॉसिंगच्या जॅकेटखाली बुटांचं खोकं होतं. आत टर्फचे बूट, शुभाताईच्या मापाचे. तळव्यांना मातीचा कण नव्हता.

“हे काय गं?”

आता चहा ठेवायला तिथे किचन नव्हतं. ती डिकीच्या कडेवर बसली.

“इथं आले तेव्हा घेतले. दर शनिवारी म्हणते, आज जाऊ.” मग टर्फकडे बघत म्हणाली, “त्या कॅम्पला टर्फ होतं, मीनल. मी पहिल्यांदाच पाहिलं. पहिला पास आला, मी उसळीची वाट बघत राहिले. बॉल उसळलाच नाही. स्टिकखालून निघून गेला. दुसरा गेला, तिसरा गेला. जन्मभर दगडावरून उडालेले बॉल अडवले मी, आणि सरळ आलेला बॉल मला थांबवता येईना. तिसऱ्या दिवशी कोच म्हणाले, ‘बेटा, तुम घर जाओ.’ रागावले असते तर बरं झालं असतं गं.”

मी बूट परत खोक्यात ठेवले आणि तिच्या शेजारी बसले.

“घरी सांगितलं, गुडघा दुखावला. बाबांना खरं वाटलं. रोज संध्याकाळी माझ्या गुडघ्याला तेल चोळायचे. चांगला धडधाकट गुडघा होता, आणि ते वर्षभर चोळत होते. म्हणायचे, बरा होईल, परत जाशील. गेले ते, त्यांना कधी सांगितलंच नाही मी.” तिने सुजलेल्या गुडघ्यावर हात ठेवला. “आता खरंच दुखतो.”

“मग आज जा ना आत.”

“भीती वाटते. परत खालून गेला तर? मग ती कात्रणातली कोण होती?”

तिकडून जेनी हात हलवत होती. “शुभा! वन शॉर्ट!”

शुभाताईने तोंड उघडलं. ‘नेक्स्ट वीक’ येणार हे मला दिसत होतं. मी पटकन डिकीतल्या तिच्या जॅकेटच्या खिशातून ते हिरवं कार्ड काढलं आणि तिच्या नाकासमोर धरलं.

“ए! कार्ड फक्त अंपायर दाखवतो,” ती खेकसली.

“शुभाताई, तुला तेव्हा हेच मिळालं होतं. लाल नव्हतं. तुझी दोन मिनिटं कधीच झाली.”

ती कार्डाकडे बघत राहिली. मग नाक पुसलं, खोकं ओढलं आणि लेस बांधायला लागली. दुसऱ्या बुटाची गाठ मी मारली.

गेटमधून ती आत गेली. ओल्या टर्फवर आधी एकच पाय टेकवला, गरम आहे का बघावं तसा, मग दुसरा. मी तिला ईराची स्टिक दिली, जेनीची स्वतःसाठी मागून घेतली, पंधरा पावलं लांब गेले आणि कसाबसा बॉल ढकलला. तो निळ्यावरून सुळकन सरळ गेला. ती वाकली, थांबली, आणि बॉल तिच्या स्टिकखालून निघून थेट मागच्या गोलच्या फळीवर आपटला.

मला वाटलं, संपलं. हिला कशाला आणलं मी इथे!

ती मागे वळून बॉलकडे बघत होती. वळली तेव्हा डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती हसत होती.

“अजून उसळत नाही गं मेला!” ती ओरडली. पळत जाऊन तिने बॉल आणला, माझ्याकडे ढकलला आणि स्टिक टर्फला टेकवून उभी राहिली, डावा हात वर, उजवा खाली. “परत टाक. आणि तू आधी कंबर वाकव!”

मी वाकवली.