आबांच्या खिशातली गाय

गाय खिशात घेऊन फिरणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आमच्या समोरच्या दाराचे आबा. सावेडीत आम्ही भाड्याने राहतो त्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर त्यांचं आणि आमचं दार समोरासमोर आहे. आबा जिन्यात भेटले की त्यांचा उजवा हात आधी छातीवर जातो. नवीन माणसाला वाटतं, म्हाताऱ्याच्या छातीत कळ आली. कळबिळ काही नसते. बंडीच्या आतल्या खिशात गाय आहे ना, ते चाचपून बघतात.

ही गाय म्हणजे खेळाच्या मशीनमधली गाय. मशीन हातात मावेल एवढं, वर काच आणि खाली कळा. त्याच्या पाठीत एक वडी खोचलेली असते, चिक्कीच्या तुकड्याएवढी. खेळ सगळा त्या वडीत. मशीन नवंकोरं आहे, वडी मात्र फार जुनी. तिच्यावरचं चित्रसुद्धा पुसून गेलंय.

खेळ म्हणाल तर अगदी साधा. एक शेत, एक विहीर, एक गोठा आणि गोठ्यात पांढरी गाय. तिचं नाव चंद्री. रोज तिला चारा घालायचा, अंग घासायचं, दूध काढायचं. पण त्या वडीला स्वतःचं घड्याळ आहे. मशीन बंद असलं तरी आत दिवस उगवतो आणि मावळतो. चार-पाच दिवस चारा मिळाला नाही तर गाय खुंटा सोडून निघून जाते आणि परत येत नाही. हे आबांनी मला पहिल्याच भेटीत सांगितलं. सांगताना त्यांचा चेहरा असा झाला होता की मीही घाबरले आणि विचारलं, "आज घातलाय ना चारा?"

तेव्हापासून आमचं जमलं.

आबा मूळचे घोडेगावचे. तिथल्या जनावरांच्या बाजारात त्यांनी सारी उमर दलाली केली. गुडघे गेले तेव्हा मुलाने त्यांना इथे फ्लॅटवर आणलं. मग मुलाची बदली नागपूरला झाली. आजी वारल्या. आबा एकटे राहिले. त्यांच्या दोन वेळच्या जेवणाचं मी बघते, त्यामुळे माझं जाणं-येणं. त्यांचं दार दिवसभर उघडंच असतं.

चंद्री खरी त्यांच्या नातीची, सईची. ती शाळेत असताना सुट्टीला घोडेगावला यायची आणि लिंबाखाली बसून हा खेळ खेळायची. दहावी जवळ आली तशी आईने खेळ बंद करायला लावला. तेव्हा पोरीने मशीन आबांच्या हातात दिलं आणि सांगितलं, "माझी दहावी होईपर्यंत सांभाळ."

मी एकदा म्हटलं, "आबा, तिची दहावी तर केव्हाच झाली की."

"झाली. मग बारावी आली. मग इंजिनेरी. मग क्यानडा. ती न्यायला यीस्तवर जनावर माझ्याकडं राखणीला हाय. राखणीचं जनावर हयगयीनं गेलं तर घोडेगावात तोंड दाखवायची सोय न्हाई."

"घोडेगावात कुनाला कळणार, आबा?"

"मला कळंल ना!"

मधे जुन्या मशीनची काच काळी पडली. तेव्हा आबांनी दोन दिवस अन्न गोड लागू दिलं नाही, स्वतःला आणि मलाही. मग सईनेच तिकडून हे नवं मशीन धाडलं. जुनी वडी त्यात बसली, मशीन सुरू झालं आणि चंद्री हंबरली. आबा म्हणाले, "वळखलं बघ तिनं मला." नवीन मशीनला ते गोठा म्हणतात. जुनं मशीनही टाकलेलं नाही, देवघराच्या खालच्या फळीवर फडक्यात गुंडाळून ठेवलंय.

आबांच्या तोंडी एक वाक्य कायम असतं, "आता काय खरं न्हाई." वीज गेली की म्हणतात, कारण मशीनची बॅटरी उतरत जाते. वीज नाही आली तर आमच्या ह्यांना सांगतात, "भाऊ, रिक्षाला लावून जरा चारा भरून आन." ह्यांनी रिक्षात तसा चार्जर बसवूनच घेतलाय. वीज आली तरी म्हणतात, "लई जोरात आली. आता काय खरं न्हाई." उन्हाळ्यात मशीन माठाशेजारी ठेवतात आणि वर ओलं फडकं टाकू बघतात. मी ते फडकं उचलते. "आबा, पानी गेलं आत तर?" "आन् उन्हानं तिनं जीभ काढली तर?" मी फडकं पिळून दोरीवर टाकते. मग ते वर्तमानपत्राने वारा घालतात. जनावराचा जीव आहे म्हणतात, खेळ नाही.

खेळात अधूनमधून एक व्यापारी येतो. मिशाळ, डोक्याला टोपी. तो तोंडाने बोलत नाही, नुसती इंग्रजी अक्षरं उमटतात. गाय विकता का, असं विचारतो म्हणे. खाली दोन शब्द येतात. ते आबांना वाचता येत नाहीत आणि मलाही नाहीत. आबांना सईने जागा पाठ करून दिल्यात. वरचा शब्द म्हणजे हो, खालचा म्हणजे नाही. चारा घालू का, ह्यालाही तसंच. वरचा हो, खालचा नाही.

तर व्यापारी आला की आबा खांद्यावरचा पंचा काढून मशीनवर टाकतात, पंच्याखाली हात घालतात आणि मगच नाहीची कळ दाबतात. घोडेगावच्या बाजारात भाव तसाच ठरतो. दलाल आणि गिऱ्हाईक पंच्याआड एकमेकांची बोटं धरतात, म्हणजे चारचौघांना कळत नाही.

"आबा, इथं कोन बघतंय?"

"तू बघतीयस की. उद्या खालच्या वकिलीनबाईला सांगशील, आबानं भाव पाडला म्हनून."

"पन तुमी इकतच न्हाई तर भाव कसला?"

"नकाराला बी इज्जत असती, पोरी."

दर रविवारी संध्याकाळी सईचा फोन येतो. तिच्याकडे तेव्हा सकाळ असते. आबांना ऐकायला कमी येतं म्हणून फोन मोठ्या आवाजात लावलेला असतो आणि आमच्या घरात ऐकू येतो. त्यात ऐकण्यासारखं काही नसतं. "आबा, चंद्री कशी आहे?" "बरी हाय." "दूध देते का?" "देती." "बरं, ठेवते." एवढं झालं की आबा संध्याकाळभर खुशीत असतात.

हे सगळं सुरळीत चाललं होतं ते यंदाच्या पोळ्यापर्यंत.

पोळ्याच्या आदल्या दिवशी आबांनी माझ्याकडे लोणी आणि हळद मागितली. मला वाटलं, गुडघ्याला लावायची असेल. वाटी घेऊन गेले तर त्यांनी चौरंगावर मशीन मांडलेलं.

"खांदं मळायचं," आबा म्हणाले.

आता बैलाची खांदेमळणी मी माहेरी दरवर्षी बघितलेली. वर्षभर जू ओढून खांदे सोलवटतात, त्यांना लोणी-हळद चोळून शेकतात. मी म्हटलं, "आबा, खांदेमळणी बैलाची असती. ही तर गाय."

आबांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं. "गाय आत हाय. तिला वाहतंय कोन? हे मशीन. खांदा ह्याचा मळायचा." आणि त्यांनी मशीनच्या वरच्या दोन्ही कोपऱ्यांना लोणी-हळद चांगली रगडून लावली. त्यांचं म्हणणं मला पटलं होतं.

त्याच कोपऱ्यात एक कळ आहे. चाऱ्याचं कोठार उघडायची.

पोळ्याला सकाळी मी पुरणाचा नैवेद्य घेऊन गेले तर आबा भिंतीला टेकून बसलेले. कळ आत गेली होती आणि वर येत नव्हती. चंद्री गव्हाणीशी उभी राहून हंबरत होती आणि कोठार काही उघडत नव्हतं. मी कापसाने पुसलं, आबांनी फुंकलं. "आता काय खरं न्हाई," ते म्हणाले. नेहमी ते वाक्य ते मोठ्याने म्हणतात. त्या दिवशी अगदी हळू म्हणाले.

मग ह्यांनी आम्हाला रिक्षातून चौकातल्या मोबाईलच्या दुकानात नेलं. दुकानदाराने मशीन उघडलं, वास घेतला आणि विचारलं, "आजोबा, ह्यात हळद कशी?"

"खांदं मळलं."

त्याने माझ्याकडे पाहिलं. मी पदर पुढे ओढून बाहेरच्या पाटीकडे बघू लागले.

"पार्ट मागवावा लागेल. आठवडा धरा."

"आठवडा? तवर गाईनं काय हवा खावी?"

"आजोबा, मी असं करतो, दुसरा गेम टाकून देतो. पन्नास गायी मिळतील, हव्या तेवढ्या."

आबा ताडकन म्हणाले, "मी काय बाजाराला आलोय?" त्यांनी मशीनच्या पाठीतली वडी काढून खिशात घातली, मशीन दुरुस्तीला तिथेच ठेवलं आणि बाहेर आले. रिक्षात सबंध वाटेने त्यांचा हात छातीवर होता.

घरी आल्यावर मला जुन्या मशीनची आठवण झाली. काच काळी पडली होती तरी बाकीचं मशीन धड होतं. आबांनी फडकं सोडलं, वडी खोचली आणि कळ दाबली. काच काळीच राहिली, पण आतून खेळाचं गाणं ऐकू आलं. मग आबांनी डोळे मिटून घेतले. "गोठा डाव्या अंगाला. आता दार. आता कोठार. आता वरचं." आम्ही दोघांनी मशीनला कान लावले. चंद्री हंबरली. पण चारा खाऊन हंबरली की उपाशी म्हणून, ते कळेना.

"तुला काय वाटतं?" आबांनी विचारलं.

"खाल्ल्यावानी वाटलं."

"उपाशी जनावर जरा लांब वरडतं. हे आखूड हुतं का लांब?"

मला ठरवता येईना. मी आखूड म्हटलं.

रोज असंच चाललं. भाजी चिरताना माझे कान तिकडे. मी निघाले की आबा विचारायचे, "आजचं कसं वाटलं?" परीक्षेचा निकाल सांगावा तसं मी सांगायची. पण एके दिवशी हंबरणं ऐकूच आलं नाही. नुसतं गाणं चाललेलं. त्याच्या दुसऱ्या दिवशीही तसंच. आबा म्हणाले, "निजली असंल." मी म्हटलं, "व्हय, निजलीच असंल." दोघांनी एकमेकांकडे बघितलं नाही.

त्या रविवारी फोन आला. "आबा, चंद्री कशी आहे?"

"बरी हाय," आबा म्हणाले.

"दूध देते का?"

"देती."

फोन ठेवल्यावर आबांनी पंच्याने कपाळ पुसलं. मी म्हटलं, "आबा, पोरीला खरं सांगून टाका की. शिकलेली हाय, नवीन गाय कशी घ्यायची ते सांगंल."

आबांनी पंचा परत खांद्यावर टाकला. मग म्हणाले, "तिच्या आईबापाशी मी काय बोलतो ते तुला ठावं हाय. बिल भरलं का, गोळ्या घेतल्या का. ती पोर कुटं, मी कुटं. तिच्या कामातलं मला कळत न्हाई आन् माझ्यातलं तिला. दर रयवारी ती गाईचं इचारती. गाय गेली तर ती काय इचारंल? फोन तरी कशाला करंल?"

मी ताट घेऊन घरी आले. भाकरी करपेपर्यंत माझं लक्ष नव्हतं.

मशीन दुरुस्त होऊन आलं. आबांनी वडी बसवली. शेत दिसलं, विहीर दिसली, गोठा दिसला. खुंट्याला दावं होतं, चंद्री नव्हती. गव्हाणीत चारा तसाच पडला होता आणि कोपऱ्यात एक भरलेली थैली ठेवलेली होती. ती आम्ही पूर्वी कधी पाहिली नव्हती.

आबांना माझ्याआधी कळलं. थैली पैशांची होती. गाय उपाशी राहून गेली नव्हती. काळ्या काचेत तो मुका व्यापारी येऊन विचारून गेला होता आणि आबांनी चारा म्हणून वरची, म्हणजे होची कळ दाबली होती.

"सारी उमर दुसऱ्याची जनावरं इकली," आबा म्हणाले, "पन भाव न इचारता कदी इकलं नव्हतं."

आठवडाभर त्यांनी मशीन खिशात घातलं नाही. हात मात्र छातीवर जायचा. जेवण अर्धं पानात राहायचं.

रविवारी संध्याकाळी फोन वाजला. मी मेथी आणि डाळ झाकून निघाले होते. आबा फोनकडे बघत बसून राहिले. वाजून वाजून तो बंद झाला आणि पुन्हा वाजू लागला. आबांनी तोंड भिंतीकडे फिरवलं. मला परक्याच्या फोनला हात लावायची सवय नाही. पण मी तो उचलला, हिरवं बटण दाबलं आणि आबांच्या समोर धरला.

"आबा? उचलत का नव्हतास? चंद्री कशी आहे?"

"गेली गं," आबा म्हणाले. "मीच इकली. आंधळ्यावानी."

पलीकडे काही आवाज येईना. मला वाटलं, फोन कटला. आबांनाही तसंच वाटलं. ते हात पुढे करून फोन बंद करायला निघाले.

"आबा," सई म्हणाली, "तू जेवलास का?"

आबांनी माझ्याकडे पाहिलं. ह्याचं उत्तर त्यांनी कधी पाठ केलं नव्हतं.

"जेवतोच आता," ते म्हणाले.

"काय केलंय आज?"

"मेथी केलीया हिनं. समोरच्या ताईनं." आबांनी थाळीवरचं झाकण काढलं, बोटाने जराशी भाजी उचलून तोंडात टाकली आणि फोनच्या जवळ सरकले. "मीठ जरा जास्त हाय."

मेथीत मीठ अगदी बेताचं होतं. मी फोन ताटाशेजारी उभा करून ठेवला आणि दाराशी येऊन चपला घातल्या. आबा मिठाबद्दल बोलत होते. मग घोडेगावच्या मेथीबद्दल बोलले. मी माझ्या घरात शिरले तेव्हा ते डाळीवर आले होते.