स्वीडनबाईचा कोट

पांडूमास्तर सिनेमा बघताना नटीच्या तोंडाकडं बघत नाहीत. बाहीकडं बघतात. पडद्यावर नटी शेवटचे श्वास मोजत असते, आपल्या डोळ्यांत पाणी येतं, आणि मास्तर म्हणतात, "बगलंत वढतंय बघ. माप चुकलंय."

मास्तर माझे शेजारी. सारी हयात कोल्हापूरच्या स्टुडिओत शिंपी होते. आता ऐंशीला टेकलेत. दोन वर्षांमागं इथल्या एका फिल्म क्लबनं पडद्याची किनार शिवायला त्यांना बोलावलं. काम झालं, तरी हे तिथंच बसले. लागला होता स्वीडनचा जुना, काळा-पांढरा सिनेमा. दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या दारात हजर.

"ग्रॅज्युएट, त्या स्वीडनबाईचं आणखी शिनेमं काढ."

आमच्या घरात कॉलेज पुरं केलेली पहिली मीच. मास्तर मला नावानं नाही, पदवीनं हाक मारतात. मला ते आवडतं, खोटं कशाला सांगू? त्या नटीचं खरं नाव माझ्याही जिभेवर नीट बसत नाही, पण शोधून तिचे चार सिनेमे काढले. खालच्या इंग्रजी ओळी मी वाचून सांगायला लागले, तर म्हणाले, "गप की. कापड बोलतंय, ते ऐकू दे."

कापडानं त्यांना बाईची सगळी कारकीर्द सांगितली. पहिल्या सिनेमात ती नायिका, अंगात कोरा लांब कोट. दुसऱ्यात तोच कोट, फक्त कॉलर बदललेली. "ही बघ जुन्या टाक्याची भोकं." मला काही दिसलं नाही. तिसऱ्यात ती नायिकेची थोरली बहीण, आणि नवा कोरा कोट आता त्या दुसऱ्या नायिकेच्या अंगात. चौथ्यात आमची स्वीडनबाई एका प्रसंगापुरती आली, कुणाला तरी कॉफी देऊन गेली. अंगात तिसऱ्यातल्या नायिकेचाच कोट, उसवून सैल केलेला.

"थांबव," मास्तर म्हणाले. चहा तसाच ठेवून घरी गेले.

दुसऱ्या दिवशी विचारलं, "पुढं कुणी तिला कोरं शिवलं का?" मी खूप शोधलं. त्या सिनेमानंतर तिची माहितीच संपते. पदवीचा काही उपयोग झाला नाही.

मग मास्तरांनी राखाडी लोकरी कापड आणलं आणि स्वतःच कोट बेतायला घेतला. मी बघून म्हटलं, "मास्तर, स्वीडनबाई दरवाजाएवढी उंच. हा तिच्या गुडघ्यापर्यंतसुद्धा यायचा नाही."

त्यांनी खडूची रेघ पुरी केली. मग म्हणाले, "आक्काच्या मापाचा हाय."

आक्का म्हणजे त्यांची थोरली बहीण, गडहिंग्लजला दिलेली. तरुणपणी दहाबारा सिनेमांत नायिकेची मैत्रीण झालेली. नायिकेचे कपडे वापरून झाले की ते उसवून आक्काच्या अंगाला बसवायचं काम मास्तरांकडंच असायचं.

"धा वर्सं माझ्याच हातानं दुसरीचं घातलं तिच्या अंगावर. कोरं एकदाबी न्हाय. तिनं मागितलं न्हाय, मीबी शिवलं न्हाय."

भाऊबीजेला आक्का एसटीनं आल्या. ओवाळून झाल्यावर मास्तरांनी साडीऐवजी कोट पुढं केला.

"भाऊबीजंला कोट? गडहिंग्लजात बर्फ पडतोय व्हय रं, पांड्या?"

आम्ही सगळे हसलो. हसता हसताच आक्कांनी कोट उलटा केला आणि बगलेच्या शिवणीवरून बोट फिरवलं. जुन्या टाक्यांची भोकं शोधत होत्या. इतक्या वर्षांची सवय.

"कुणाचा उसवलास?"

"कुणाचाबी न्हाय, आक्का. कोरा हाय."

बोट तिथंच थांबलं. मग त्यांनी कोट लुगड्यावर चढवला, सगळी बटणं लावली आणि पंख्याखाली बसून करंजी खाल्ली. घामानं निथळत होत्या, पण काढला नाही.

"बाही जरा लांब झाली रं," म्हणाल्या.

मास्तरांना ते दिसलंच नव्हतं. ते बाहीकडं बघतच नव्हते.