फौजेचे पेपर अपुरे

शेजारच्या युसुफकडे सिनेमा बघायचा तर न्हाणीघरात बसावं लागतं. वयाचा मान म्हणून मला पालथी बादली मिळते.

युसुफ रत्नागिरीचा. इथे कुवेतमध्ये पस्तीस वर्षं तो कंपनीचा मंदूब होता, म्हणजे लोकांचे कागद घेऊन सरकारी खिडक्यांपुढे उभं राहायचं काम. आता घरीच असतो, पण तोंडचं वाक्य गेलं नाही. माझ्या सुनेनं वाटीभर साखर मागितली तरी आधी म्हणतो, "पेपर अपुरे आहेत."

यंदा आकाशातून क्षेपणास्त्रं गेली, भोंगे वाजले. त्याची बायको हमीदा घाबरून न्हाणीघरात जाऊन बसली, असं तो सांगतो. तिथे खिडकी नाही, काच नाही. सोबत म्हणून तोही तिथेच झोपतो. भोंगे थांबून महिना झाला, तरी ती बाहेर येईना.

हसवलं तर येईल, असं त्याच्या डोक्यात बसलं. त्यानं फोनवर जुने बातमीपट जमवले. पहिलं महायुद्ध संपलेलं आणि दुसरं व्हायचं होतं, त्या काळातले. चित्रं खरी, आवाज युसुफचा. छातीभर बिल्ले लावलेला सेनापती मूठ उगारून गरजतो, की युसुफ बोलतो, "ओ, रांग मोडू नका, मी सकाळपासून उभा आहे." मंत्री तहावर सह्या करतात, तर कारकून सांगतो, शिक्का नाही, बुक्रा या. बुक्रा म्हणजे उद्या. शेवटी कळतं, अख्ख्या फौजेचा इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, संपलाय. "पेपर अपुरे आहेत. घरी जा." मग तो फिल्म उलटी फिरवतो. तोफा धूर गिळतात, सैनिक उलट्या पावलांनी आगगाडीतून उतरून बायकापोरांत जातात.

माझी सून हसता हसता शॉवरच्या नळावर रेलली. सगळे भिजलो. हमीदाही हसली, पण उठली नाही. युसुफनं दुसऱ्या दिवशी नवी फिल्म केली. असे नऊ खेळ झाले.

मला चीड आली. तो चहा करायला गेल्यावर मी म्हटलं, "हमीदा, नाटकं पुरे. तुझा नवरा महिनाभर आमच्याकडे आंघोळ करतोय. कधी उठणार?"

ती हळूच म्हणाली, "मावशी, मला कसली भीती? भोंगा वाजला तेव्हा हेच इथे येऊन बसले. इराकची फौज आली त्या वर्षापासून ह्यांना आवाज सोसत नाही. बायको घाबरलीय, असं लोकांना सांगता येतं. मी उठले तर काय सांगतील?"

युसुफ चहा घेऊन आला. माझ्याकडे बघत राहिला.

मी कप घेतला. म्हटलं, "तुझ्या बायकोची भीती काही गेलेली नाही. उद्या दुसरं काहीतरी दाखव."