हसरीचे दात

दुःखाला शिस्त लावल्याशिवाय कोणताही समाज प्रगत होत नाही, आणि या बाबतीत आमच्या कंपनीचे कार्य मोठे आहे. आम्ही अंधाऱ्या जादुई दुनियेतल्या चित्रकथांचे खेळ बनवतो. पडद्यावर चित्र, चित्राखाली संवाद, आणि संवाद वाचून झाला की ‘पुढे’ हे बटण दाबायचे. (न वाचताही दाबता येते. शंभरातले एकाहत्तर ग्राहक तेच करतात आणि तरीही रडतात.)

पात्रांना जखमा नेमून देण्यासाठी आमच्याकडे स्वतंत्र जखम विभाग आहे. मी त्याचा प्रमुख. नियम एकच, पात्र जसे दिसते तसे निघता कामा नये. राक्षस असला की तो आईविना वाढलेला. शूर राजपुत्राला अंधाराची भीती, शिवाय भावाचा खून पचवलेला. गोड आजी तर पहिल्या प्रकरणापासूनच माणसे खाते. मागे एक सुतार चुकून नुसताच सुतार राहिला, तेव्हा तक्रारींनी आमच्या नाकी नऊ आणले.

नव्या खेळाची नायिका आम्ही स्वागतकक्षातल्या बाईंवरून बेतली. त्या सदा हसतमुख, म्हणून आम्ही त्यांना हसरीच म्हणतो. या हसण्यामागे काय दडले असावे, यावर आठवडाभर बैठका झाल्या. चहा गार झाले. आमचा चित्रकार तर धाय मोकलून रडला.

अशाच एका बैठकीत दार लोटून खुद्द हसरी आत आल्या.

“सर, चार दिवस सुट्टी हवी होती. आत्ताच निघावं लागेल.”

“आत्ता? अहो, इथे तुमच्याच दुःखाचं चाललंय,” मी म्हणालो. “बरं झालं आलात. तुम्ही सारख्या हसता, त्यामागे काय आहे?”

त्यांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिले.

“काही नाही हो सर. दात पुढे आहेत माझे. तोंडच मिटत नाही.”

सगळे पोट धरून हसले. त्या नादात सुट्टीचे राहूनच गेले. बाई तशाच निघून गेल्या आणि विनापरवानगी गैरहजेरीबद्दल त्यांना कामावरून कमी करण्यात आले. (नियम सर्वांना सारखा.) पडद्यावरच्या हसरीला चित्रकाराने घाईघाईने पुढे आलेले दात दिले. ते ग्राहकांना फार जिवंत वाटले. खेळ तुफान खपला, आमच्या संवेदनशीलतेचे कौतुक झाले.

परवा स्वागतकक्षाचा खण आवरताना बाईंचे जुने ओळखपत्र सापडले. फोटोतले दात अगदी सरळ, एका ओळीत. ओठही नीट मिटले असते. मला फार वाईट वाटले. कामाच्या वेळेत वाटल्यामुळे ते मी विभागासमोर मांडले.

“काय कलाटणी आहे!” चित्रकार म्हणाला. “दुसऱ्या भागात घेऊ.”

आम्हाला नावे ठेवण्याआधी वाचकांनी एवढेच आठवावे, की दातांचे ऐकून मघाशी तेही हसले, आणि सुट्टी कशासाठी हवी होती हे न विचारता पुढे आले.